पीएक्सई बूट वारंवार अडकतो तेव्हा काय तपासावे

विंडोज १० चा नियमित सपोर्ट १४ ऑक्टोबर २०२५ रोजी संपला आणि त्याच्या आगेमागे मुंबईतल्या कार्यालयांत, महाविद्यालयांच्या लॅबमध्ये आणि बँकांच्या शाखांमध्ये नवी ऑपरेटिंग सिस्टिम टाकण्याची कामे एकदमच निघाली. एकेका संगणकाला पेनड्राइव्ह लावत बसण्यापेक्षा नेटवर्कवरून बूट करून सर्व्हरवरची इमेज, म्हणजे ऑपरेटिंग सिस्टिमची तयार प्रत, उतरवणे केव्हाही सोयीचे, त्यामुळे पीएक्सईचा, म्हणजे नेटवर्कवरून बूट करण्याच्या या पद्धतीचा, वापर वाढला, आणि त्याबरोबर त्याची जुनी तक्रारही वाढली. सकाळी ज्या संगणकावर बूट अडकला तोच दुपारी सुरळीत होतो. चौथ्या मजल्यावर जे चालते ते पाचव्यावर चालत नाही. जुने डेस्कटॉप निमूटपणे इमेज घेतात आणि नव्या लॅपटॉपची खेप आली की काम ठप्प होते. मग कोणी पॅच कॉर्ड बदलतो, कोणी सर्व्हरवरची सर्व्हिस रीस्टार्ट करतो, कोणी बायोस मूळ सेटिंगवर नेतो. यांपैकी एखाद्या उपायानंतर योगायोगाने बूट होतो, तिकीट बंद होते आणि पुढच्या खेपेला तेच तिकीट नव्या क्रमांकाने उघडते.

वारंवार येणाऱ्या अशा बिघाडाचे कारण बहुतेक वेळा संगणकातही नसते आणि इमेजमध्येही नसते. ते त्या दोघांच्या मधल्या नेटवर्कच्या मांडणीत असते. म्हणून बूट नेमका कोणत्या टप्प्यावर थांबला हे आधी नक्की करावे आणि ते नक्की होईपर्यंत एकही सेटिंग बदलू नये, हे या लेखाचे मुख्य सांगणे आहे. पुढील विवेचन मुख्यतः विंडोज डिप्लॉयमेंट सर्व्हिसेस, म्हणजे डब्ल्यूडीएस, आणि कॉन्फिगरेशन मॅनेजर, म्हणजेच एससीसीएम, या मायक्रोसॉफ्टच्या इमेज टाकण्याच्या साधनांच्या संदर्भात आहे. तरी नेटवर्कविषयीचा भाग लिनक्सची इमेज टाकणाऱ्यांनाही जसाच्या तसा लागू पडतो, कारण तिथेही पीएक्सईचा क्रम तोच असतो.

पडद्यावरची शेवटची ओळ

क्रम थोडक्यात असा आहे. संगणकाचे फर्मवेअर, म्हणजे ऑपरेटिंग सिस्टिमच्या आधी चालणारे अंगभूत सॉफ्टवेअर, नेटवर्क कार्ड जागे करते आणि लिंक मिळाल्यावर डीएचसीपीची विनंती प्रसारित करते. डीएचसीपी सर्व्हर त्याला आयपी पत्ता देतो, पीएक्सई सर्व्हर त्याला बूट फाइल कुठे आहे ते सांगतो, आणि संगणक ती फाइल टीएफटीपी या फाइल पाठवण्याच्या साध्या पद्धतीने उतरवून चालवतो. ती फाइल पुढे बूट मॅनेजर, बीसीडी (बूटच्या सेटिंगची फाइल) आणि बूट इमेज मागवते. विंडोज पीई, म्हणजे इमेज टाकण्यापुरती छोटी विंडोज, सुरू होते, आणि तिथून पुढे खरी इमेज साध्या फाइल शेअरवरून किंवा एचटीटीपीवरून येते. इंटेलने पीएक्सईचे २.१ हे तपशीलपत्र १९९९ साली प्रसिद्ध केले आणि आजही मूळ सांगाडा त्याचाच आहे.

जुन्या बायोसच्या संगणकावर त्रुटीचे क्रमांक बरेच बोलके असतात. पीएक्सई-ई६१ म्हणजे लिंकच नाही. केबल, भिंतीतला आयओ पॉइंट किंवा स्विचचा पोर्ट पाहावा. पीएक्सई-ई५१ म्हणजे कोणाकडूनच उत्तर आले नाही. पीएक्सई-ई५२ म्हणजे पीएक्सई सर्व्हर बोलला पण डीएचसीपी सर्व्हर बोलला नाही, आणि पीएक्सई-ई५३ म्हणजे याच्या नेमके उलट: पत्ता मिळाला, बूट फाइलचे नाव मिळाले नाही. पीएक्सई-ई५५ म्हणजे ४०११ या पोर्टवर विचारणा केली आणि तिकडून उत्तर आले नाही. पीएक्सई-ई३२ म्हणजे फाइल मागितली पण टीएफटीपीचा प्रतिसाद आला नाही. यूईएफआयच्या, म्हणजे बायोसची जागा घेणारे नवे फर्मवेअर असलेल्या, संगणकांवर हेच प्रकार वेगळ्या क्रमांकांनी दिसतात: ई१६ म्हणजे ऑफर (विनंतीला सर्व्हरचे उत्तर) आली नाही, ई१८ म्हणजे सर्व्हरच्या उत्तराची वाट पाहून वेळ संपली, ई२३ म्हणजे टीएफटीपी सर्व्हरने त्रुटी कळवली. यूईएफआय फर्मवेअर ही ओळ क्षणभर दाखवून लगेच पुढच्या बूट पर्यायाकडे वळते, त्यामुळे मोबाइलने पडद्याचा व्हिडिओ काढून ठेवावा आणि नंतर तो थांबवून पाहावा. शाखेतल्या सहकाऱ्याकडून ‘काहीतरी एरर आली आणि गेली’ एवढेच फोनवर ऐकण्यापेक्षा हा व्हिडिओ मागवणे अधिक उपयोगाचे ठरते.

दुसरा पुरावा म्हणजे पॅकेट. सर्व्हरवर वायरशार्क हे पॅकेट पाहण्याचे साधन लावून डीएचसीपी आणि टीएफटीपी एवढेच गाळून पाहिले तरी अर्धा प्रश्न सुटतो. संगणकाची डिस्कव्हर, म्हणजे डीएचसीपीची पहिली, विनंती सर्व्हरपर्यंत पोहोचलीच नसेल तर सर्व्हरवर कितीही सेटिंग बदलून काही होणार नाही, आणि ती पोहोचून सर्व्हरने उत्तर दिले असेल तर मजल्यावरची केबल बदलण्यात अर्थ नाही. विनंती पोहोचत नसेल तर संगणक ज्या स्विचला जोडला आहे त्या स्विचवर पोर्ट मिररिंग (एका पोर्टच्या वाहतुकीची प्रत दुसऱ्या पोर्टवर) लावून तिथे पाहावे. हे पाऊल टाळण्याकडे सगळ्यांचाच कल असतो, कारण त्यासाठी नेटवर्क टीमला फोन करावा लागतो. पण त्या एका फोनने वाचणारा वेळ त्याच्या कितीतरी पट असतो.

स्विचचे तीस सेकंद

‘कधी होतो, कधी होत नाही’ या प्रकारामागे सर्वांत जास्त वेळा आढळणारे कारण म्हणजे स्पॅनिंग ट्री, म्हणजे स्विचच्या जोडण्यांत लूप (बंद वर्तुळ) होऊ न देणारी पद्धत. स्विचच्या पोर्टला लिंक मिळाली की तो पोर्ट लगेच वाहतूक सुरू करत नाही. लूप तयार होत नाही ना, हे पाहण्यासाठी तो १५ सेकंद लिसनिंग आणि १५ सेकंद लर्निंग अवस्थेत राहतो, आणि या ३० सेकंदांत संगणकाने पाठवलेले प्रत्येक पॅकेट टाकून दिले जाते. लिंकचा दिवा मात्र हिरवा असतो, म्हणून पाहणाऱ्याला सगळे ठीक वाटते.

आता पीएक्सईची बाजू पाहा. फर्मवेअर डिस्कव्हर विनंती चार वेळा पाठवते आणि प्रत्येक वेळी अनुक्रमे ४, ८, १६ आणि ३२ सेकंद वाट पाहते. एकूण मुदत ६० सेकंदांची झाली, म्हणजे तीसच्या दुप्पट. मग अडचण का यावी, असा प्रश्न पडतो. अडचण अशी की पहिली विनंती शून्याव्या सेकंदाला जाते, दुसरी चौथ्या, तिसरी बाराव्या आणि चौथी अठ्ठाविसाव्या सेकंदाला. चारही विनंत्या तिसाव्या सेकंदाच्या आतच संपतात. उरलेला वेळ संगणक केवळ उत्तराची वाट पाहत बसतो आणि शेवटी हार मानतो. लिंक मिळाल्यानंतर पहिली विनंती निघायला फर्मवेअरने दोनतीन सेकंद जास्त घेतले, तर चौथी विनंती तिसाव्या सेकंदाच्या पलीकडे जाते आणि बूट होतो. एकाच मॉडेलचे दोन संगणक, एकाच स्विचवर, बायोसच्या आवृत्तीतल्या किरकोळ फरकामुळे वेगळे का वागतात याचे उत्तर बरेचदा या दोन सेकंदांत असते.

आमच्याकडे आरएसटीपी (स्पॅनिंग ट्रीची वेगवान आवृत्ती) आहे, त्यामुळे हा प्रश्न आमच्याकडे येणारच नाही, असे नेटवर्क सांभाळणारे अनेकदा ठामपणे सांगतात. आरएसटीपीचा वेग दोन स्विचमधल्या जोडणीला मिळतो, कारण तिथे दोन्ही बाजू एकमेकींशी बोलून निर्णय घेतात. संगणक तसे बोलत नाही. म्हणून पोर्ट एज पोर्ट म्हणून घोषित केलेला नसेल तर आरएसटीपीतही तेवढाच वेळ जातो. उपाय एका ओळीचा आहे: संगणक जोडलेल्या पोर्टवर सिस्कोच्या भाषेत पोर्टफास्ट, इतरत्र एज पोर्ट, ही सेटिंग सुरू करावी आणि तिच्यासोबत बीपीडीयू गार्डही लावावा, म्हणजे कोणी चुकून त्या पोर्टला दुसरा स्विच जोडला तर पोर्ट बंद होईल.

अंधेरी पूर्वेच्या एका कार्यालयात पाचव्या मजल्यावरचा रॅकमधला स्विच जळाल्यावर नवा बसवला गेला आणि त्यानंतर त्या मजल्यावरचे डेस्कटॉप पीएक्सईने बूट होईनात. त्यातही खोच अशी की ज्या टेबलावर आयपी फोन होता आणि संगणक फोनमधून जोडलेला होता, तिथे बूट होत होता. संशय आधी व्हीएलॅनवर, म्हणजे एकाच स्विचवर पाडलेल्या वेगवेगळ्या नेटवर्कवर, गेला. प्रत्यक्षात फोन सतत चालू असल्यामुळे स्विचच्या बाजूची लिंक कधी तुटतच नव्हती, पोर्ट आधीपासून वाहतुकीच्या अवस्थेत होता, आणि संगणक रीस्टार्ट झाल्याचे स्विचला कळतही नव्हते. बदललेल्या स्विचवर जुनी कॉन्फिगरेशन चढवताना व्हीएलॅन आले होते, पोर्टफास्टच्या ओळी राहिल्या होत्या.

यावरून एक स्वस्तातली चाचणी करता येते. लॅमिंग्टन रोडवर सहज मिळणारा पाच पोर्टचा साधा अनमॅनेज्ड स्विच घ्यावा, तो आयओ पॉइंट आणि संगणक यांच्यामध्ये लावावा, मिनिटभर थांबावे आणि मग संगणक पीएक्सईवर सुरू करावा. बूट झाला तर दोष जवळपास नक्की स्पॅनिंग ट्रीचा किंवा लिंक जुळण्याच्या वेळाचा आहे. चाचणी झाल्यावर हा स्विच काढून न्यावा. तो ‘चालतंय ना, राहू दे’ म्हणून टेबलाखाली तसाच सोडलेला अनेक ठिकाणी आढळतो आणि पुढे एखाद्याने त्याच्याच दोन पोर्टमध्ये एक केबल खोचली की सगळा मजला बंद पडतो.

लिंक एकदाच तुटते असेही नाही. फर्मवेअरकडून विंडोज पीईकडे ताबा जाताना ड्रायव्हर कार्ड पुन्हा सुरू करतो, लिंक पडते आणि स्विचचे तीस सेकंद नव्याने मोजले जातात. म्हणून पीएक्सईचा टप्पा पार झाला, विंडोज पीईची निळी पार्श्वभूमी आली आणि तिथे शेअर सापडत नसल्याची त्रुटी आली, तरी कारण हेच असू शकते. एफ८ दाबून कमांड प्रॉम्प्ट उघडावा आणि आयपीकॉन्फिग चालवावे, पहिल्यांदा १६९.२५४ ने सुरू होणारा (डीएचसीपीचे उत्तर न आल्यावर संगणकाने स्वतःच घेतलेला) पत्ता दिसला आणि थोड्या वेळाने आपोआप खरा पत्ता आला, तर ड्रायव्हरला दोष देऊ नये. ही एफ८ ची सोय एससीसीएममध्ये बूट इमेजच्या गुणधर्मांत आधी सुरू करून ठेवावी लागते.

बँका आणि वित्तीय कार्यालयांत ८०२.१एक्स प्रमाणीकरण असते, तिथे आणखी एक अडथळा येतो. पीएक्सईच्या फर्मवेअरला स्वतःची ओळख पटवता येत नाही. स्विच उत्तराची वाट पाहून शेवटी मॅक पत्त्यावरून (नेटवर्क कार्डाच्या ओळखक्रमांकावरून) प्रवेश देतो, पण सिस्कोच्या मूळ सेटिंगमध्ये ही वाट ३० सेकंदांच्या तीन फेऱ्यांची, म्हणजे ९० सेकंदांची असते, आणि पीएक्सई साठाव्या सेकंदाला थांबलेला असतो. फेरीचा अवधी कमी करावा किंवा इमेजिंगसाठी प्रमाणीकरण नसलेले मोजके पोर्ट कुलूपबंद खोलीत ठेवावेत. दुसरा पर्याय सुरक्षा विभागाला पटवणे तुलनेने सोपे जाते.

मजला ओलांडताना

चाळीच्या गॅलरीतून मारलेली हाक त्या मजल्यापुरती ऐकू येते, ती गल्लीतल्या दुकानदारापर्यंत पोहोचवायला कोणीतरी जिना उतरावा लागतो. डीएचसीपीच्या प्रसारित विनंतीचे तसेच आहे. ती व्हीएलॅनच्या बाहेर जात नाही. तिला बाहेर नेण्याचे काम रिले करतो, आणि सिस्कोच्या कॉन्फिगरेशनमध्ये ती ओळ आयपी हेल्पर-अ‍ॅड्रेस या नावाने ओळखली जाते. इथली नेहमीची त्रुटी म्हणजे प्रत्येक व्हीएलॅनवर डीएचसीपी सर्व्हरचा हेल्पर असतो, पीएक्सई सर्व्हरचा नसतो. पत्ता मिळतो, फाइलचे नाव मिळत नाही आणि पडद्यावर ई५३ येते. दोन्ही सर्व्हरचे पत्ते हेल्पर म्हणून द्यावे लागतात. नवीन मजला घेतला, नवा व्हीएलॅन काढला की नेमकी हीच दुसरी ओळ राहून जाते, कारण रोजच्या कामात तिची उणीव कोणालाच जाणवत नाही.

हेल्पर लावण्यासाठी नेटवर्क टीमच्या मागे लागण्याऐवजी अनेकजण डीएचसीपी स्कोपमध्ये (वाटायच्या पत्त्यांच्या संचात) ६६ (सर्व्हरचा पत्ता) आणि ६७ (बूट फाइलचे नाव) हे पर्याय भरून मोकळे होतात. एकाच प्रकारचे संगणक असतात तोवर ते चालतेही. परंतु पर्याय ६७ मध्ये एकाच फाइलचे नाव लिहिता येते, आणि बायोसला लागणारी फाइल वेगळी, यूईएफआयला लागणारी वेगळी. यूईएफआयच्या संगणकाला डब्ल्यूडीएसएनबीपी डॉट कॉम ही बायोसची फाइल मिळाली तर तो ती विनातक्रार उतरवून घेतो, फाइल उतरल्याचा संदेशही दाखवतो, आणि ती चालवता येत नाही म्हणून गुपचूप पुढच्या बूट पर्यायाकडे जातो. उलट बायोसच्या संगणकाला यूईएफआयची फाइल दिली तर ती मेमरीत मावत नसल्याची ई७९ ही त्रुटी येऊ शकते. जुने डेस्कटॉप चालतात आणि नवी लॅपटॉपची खेप अडते, यामागे हे कारण वारंवार असते. संगणक आपला प्रकार पर्याय ९३ मधून सांगत असतो: ० म्हणजे बायोस, ७ म्हणजे ६४ बिट यूईएफआय. पीएक्सई सर्व्हर ते वाचून योग्य फाइल देतो, पर्याय ६७ मात्र ते वाचत नाही. विंडोज सर्व्हर २०१२ पासून डीएचसीपीत पॉलिसी लिहून प्रकारानुसार वेगळी फाइल देता येते. तथापि मायक्रोसॉफ्टची शिफारस हेल्परचीच आहे आणि माझेही मत तेच आहे, कारण पॉलिसी लिहिणारा माणूस नोकरी सोडून गेल्यावर ती कोणालाच उलगडत नाही.

पर्याय ६० विषयीचा गोंधळ स्वतंत्र आहे. डीएचसीपी आणि डब्ल्यूडीएस एकाच सर्व्हरवर असतील तर दोघांनाही ६७ हा पोर्ट हवा असतो, म्हणून डब्ल्यूडीएसला त्या पोर्टवर ऐकू नको असे सांगावे लागते आणि पर्याय ६० मध्ये पीएक्सईक्लायंट असे लिहावे लागते. पुढे कधीतरी डीएचसीपी दुसऱ्या सर्व्हरवर हलवला जातो, स्कोप जसाच्या तसा निर्यात होतो आणि पर्याय ६० त्याच्यासोबत जातो. आता संगणकाला वाटते की डीएचसीपी सर्व्हर हाच पीएक्सई सर्व्हर आहे. तो त्याच्या ४०११ पोर्टवर विचारतो आणि ई५५ घेऊन परततो. सर्व्हर स्थलांतरानंतर ही त्रुटी आली तर आधी पर्याय ६० काढावा आणि डब्ल्यूडीएसला ६७ वर पुन्हा ऐकू द्यावे.

डीएचसीपी स्नूपिंग, म्हणजे अनोळखी डीएचसीपी सर्व्हरची उत्तरे अडवण्याची स्विचची सोय, असलेल्या नेटवर्कमध्ये सर्व्हर ज्या पोर्टवर आहे तो विश्वासार्ह म्हणून नोंदलेला असला पाहिजे. रॅकची आवराआवर करताना पीएक्सई सर्व्हरची केबल शेजारच्या पोर्टवर गेली की त्याच्या ऑफर स्विचवरच गळतात आणि सर्व्हरच्या लॉगमध्ये सगळे आलबेल दिसते.

फाइल उतरताना

टीएफटीपीची विनंती ६९ या पोर्टवर जाते, परंतु प्रत्यक्ष माहिती सर्व्हर दुसऱ्या, तात्पुरत्या पोर्टवरून पाठवतो. फायरवॉलवर केवळ ६९ उघडून ‘पोर्ट ओपन आहे’ असे कळवले जाते आणि ई३२ किंवा ई१८ येत राहते. मध्ये फायरवॉल असेल तर तिला टीएफटीपीचे सत्र ओळखता आले पाहिजे, अथवा सर्व्हरने वापरायच्या पोर्टची मर्यादा ठरवून ती उघडली पाहिजे.

वेगाचा प्रश्न अधिक रंजक आहे. १९९२ च्या मूळ मानकानुसार टीएफटीपी एका वेळी ५१२ बाइटचा एकच तुकडा पाठवतो आणि त्याची पोच आल्याशिवाय पुढचा पाठवत नाही. ३०० एमबीच्या बूट इमेजचे असे ६,१४,४०० तुकडे होतात. एकाच इमारतीत प्रत्येक फेरीला एक मिलिसेकंद धरला तर दहा मिनिटे लागतात, आणि सर्व्हर मुंबईत व शाखा बाहेरगावी असताना फेरीला दहा मिलिसेकंद लागले तर पावणेदोन तासांच्या आसपास. लाइनची क्षमता वाढवून यात फारसा फरक पडत नाही, कारण वेळ माहिती वाहण्यात जात नसून पोच येण्याची वाट पाहण्यात जातो. तुकड्याचा आकार १४५६ केला तर हेच काम इमारतीत पावणेचार मिनिटांच्या आत होते. एकापाठोपाठ अनेक तुकडे पाठवण्याची विंडो वापरली तर आणखी कमी वेळ लागतो. एससीसीएममध्ये रॅमडिस्क टीएफटीपी ब्लॉक साइझ आणि विंडो साइझ या दोन रजिस्ट्री नोंदी त्यासाठीच आहेत.

मात्र आकार वाढवताना १५०० बाइटच्या एमटीयूचे (एका पॅकेटच्या कमाल आकाराचे) भान ठेवावे लागते. आयपीचे २०, यूडीपीचे ८ आणि टीएफटीपीचे ४ बाइट वजा केल्यावर १४६८ उरतात. त्याहून मोठा तुकडा पाठवला तर त्याचे खंड पडतात, आणि शाखेच्या व्हीपीएनवर किंवा फायरवॉलवर खंडित पॅकेट टाकून देण्याची पद्धत सर्रास असते. मुख्य कार्यालयात बूट होतो आणि शाखेत पट्टी थोडी सरकून थांबते, अशी तक्रार आली की हा आकार आधी पाहावा.

मार्च २०१९ च्या विंडोज अपडेटनंतर डब्ल्यूडीएसमधील व्हेरिएबल विंडो एक्स्टेंशनमुळे इमेज उतरताना जोडणी मध्येच तुटू लागली होती. मायक्रोसॉफ्टने तात्पुरता उपाय म्हणून ते एक्स्टेंशन बंद करायला सांगितले होते. डब्ल्यूडीएसच्या टीएफटीपी टॅबमधली ती खूण काढून पाहणे हा आजही दोन मिनिटांचा प्रयोग आहे. मात्र ती काढून काम झाले तर तशी नोंद करून ठेवावी, नाहीतर पुढचा माणूस वेग वाढवण्यासाठी ती परत लावेल.

पत्तेच संपतात तेव्हा

लॅबमध्ये पहिले चाळीस-पन्नास संगणक सुरळीत होतात, मग एकामागून एक ई५१ किंवा ई१६ येऊ लागते, आणि पुढच्या आठवड्यात काहीही न करता सगळे पुन्हा चालू होते. या तक्रारीत सर्व्हर रीस्टार्ट करून काहीच साधत नाही, कारण स्कोपमधले पत्ते संपलेले असतात. अनेक फर्मवेअर पीएक्सईच्या वेळी आपली ओळख यूयूआयडीवरून (संगणकाच्या स्वतःच्या ओळखक्रमांकावरून) देतात आणि विंडोज पीई तीच ओळख मॅक पत्त्यावरून देते. डीएचसीपी सर्व्हरच्या दृष्टीने ती दोन वेगळी यंत्रे ठरतात आणि एका संगणकाला दोन लीज, म्हणजे मुदतीने दिलेले दोन पत्ते, जातात. साठ संगणकांच्या लॅबला शंभर पत्त्यांचा स्कोप पुरेसा वाटतो, पण इमेजिंगच्या दिवशी मागणी एकशेवीसची होते. विंडोज डीएचसीपीची मूळ लीज आठ दिवसांची असल्यामुळे पत्ते तितके दिवस अडकून राहतात आणि मग आपोआप मोकळे होतात. बिघाड ‘स्वतःहून बरा’ होण्याचे रहस्य एवढेच. लीजच्या यादीत यूनिक आयडीच्या रकान्यात काही नोंदी नेहमीपेक्षा लांबलचक दिसल्या तर त्या पीएक्सईच्या आहेत असे समजावे. इमेजिंगसाठी वेगळा व्हीएलॅन ठेवून त्याची लीज तासा-दोन तासांची करावी.

सर्व्हर ओळखतो, म्हणून नाकारतो

सडपातळ लॅपटॉपना लॅन पोर्ट नसतो, म्हणून एकच यूएसबी-सी डोंगल सर्वांना फिरवून लावला जातो. एससीसीएम त्या डोंगलचा मॅक पत्ता पहिल्या लॅपटॉपच्या नावाने नोंदवतो आणि दुसरा लॅपटॉप आला की त्याला तोच जुना संगणक समजून बूट नाकारतो. एसएमएसपीएक्सई या लॉगमध्ये ही गोष्ट स्पष्ट दिसते: विनंती आलेली असते, यंत्र ओळखलेले असते आणि त्याच्यासाठी कोणतीही डिप्लॉयमेंट नसल्याचे लिहिलेले असते. हायरार्की सेटिंग्जमध्ये त्या डोंगलचा पत्ता दुबार ओळखींच्या यादीत टाकला की सर्व्हर तो विचारात घेत नाही. लॅपटॉपच्या फर्मवेअरमध्ये मॅक पास-थ्रूची (डोंगलऐवजी लॅपटॉपचा स्वतःचा मॅक पत्ता वापरण्याची) सोय असेल तर ती सुरू करणे आणखी चांगले.

विंडोज पीई आली, पण आयपीकॉन्फिगमध्ये नेटवर्क कार्डच दिसत नाही, तर मात्र दोष खरोखर ड्रायव्हरचा आहे आणि तो बूट इमेजमध्येच घालावा लागतो. मुख्य इमेजमध्ये असून उपयोग नाही. नेटवर्क दिसते पण डिस्क दिसत नाही, असे इंटेलच्या अकराव्या पिढीपासूनच्या लॅपटॉपवर झाले तर फर्मवेअरमधील व्हीएमडी (इंटेलची डिस्क हाताळण्याची सोय) हे कारण असण्याची शक्यता मोठी आहे. त्याचा ड्रायव्हरही बूट इमेजमध्येच जातो. बूट इमेजमध्ये नेटवर्क आणि स्टोरेज एवढेच ड्रायव्हर ठेवावेत. ग्राफिक्स, ऑडिओ आणि ब्लूटूथ घालून फुगवलेली बूट इमेज वर सांगितलेल्या टीएफटीपीच्या हिशेबात थेट वेळ वाढवते. विंडोज ११ च्या डीव्हीडीतली बूट इमेज जशीच्या तशी डब्ल्यूडीएसवर चढवून तिच्यातूनच सेटअप चालवण्याची जुनी पद्धत आता मायक्रोसॉफ्टने बंद केली आहे, म्हणून स्वतः तयार केलेली बूट इमेज वापरावी लागते.

सिक्युअर बूटची, म्हणजे विश्वासार्ह सही असलेलीच बूट फाइल चालू देणाऱ्या सोयीची, अडचण यापुढे वाढत जाणार आहे. ब्लॅकलोटस या बूटकिटनंतर (विंडोज सुरू होण्याआधीच शिरणाऱ्या घातक प्रोग्रामनंतर), सीव्हीई-२०२३-२४९३२ या त्रुटीच्या निमित्ताने, मायक्रोसॉफ्टने बूट मॅनेजरची सही २०११ च्या प्रमाणपत्रावरून २०२३ च्या प्रमाणपत्रावर न्यायला सुरुवात केली. जुन्या प्रमाणपत्रांची मुदतही २०२६ मध्ये संपते. ज्या संगणकाच्या फर्मवेअरमध्ये जुने प्रमाणपत्र रद्द झाले आहे तो पीएक्सई सर्व्हरवरचा जुना बूट मॅनेजर नाकारतो, आणि ज्याच्या फर्मवेअरमध्ये नवे प्रमाणपत्र आलेलेच नाही तो नवा बूट मॅनेजर नाकारतो. दोन्ही वेळा डीएचसीपी आणि टीएफटीपी निर्दोष असतात, फाइल पूर्ण उतरलेली असते आणि पडद्यावर सुरक्षेच्या नियमाचा भंग झाल्याचा संदेश येतो. सिक्युअर बूट बंद करून इमेज टाकणे आणि नंतर तो सुरू करायचा राहून जाणे, हे प्रकार लेखापरीक्षणात पकडले जातात. त्यापेक्षा सर्व संगणकांच्या बायोसचे आणि विंडोजचे अपडेट करून नवे प्रमाणपत्र फर्मवेअरमध्ये पोहोचल्याची खात्री आधी करावी, मग सर्व्हरवरचा बूट मॅनेजर बदलावा, आणि त्यानंतरच जुने प्रमाणपत्र रद्द करण्याचा टप्पा हाती घ्यावा.